लिलांवानंतरची जाग

गेल्या आषाढांत एके दिवशीं सकाळीं आमचे एक जुने विद्यार्थी आपल्या वडील बंधूंस आणि वृद्ध चुलत्यांस घेऊन आमच्या घरीं आले. चुलत्यांच्या काखेंत लाल फडक्यांत बांधलेलें एक दप्तर होतें. आम्हांला मोडी वाचतां येते व जुन्या सरकारी कागदांतील भाषा कळते, एवढ्याच भांडवलावर आमच्याकडे असे पाहुणे महिन्या-दोन महिन्यांनीं येत असतात. चहा झाल्यावर दप्तर सोडण्यांत आलें. आंत लिलांवाच्या जाहीरनाम्याची नक्कल, तगाईच्या दोन पावत्या, कलेक्टर कचेरीचा एक हुकूम आणि फेरफाराचा उतारा असे कागद होते. या घराण्याची नऊ एकर जमीन तगाईच्या थकबाकीसाठीं इ. स. १९३४ सालीं सरकारनें लिलांवांत विकली होती. नोटीस घरच्या कर्त्या पुरुषास न लागतां परगांवीं राहणाऱ्या भावास लागली, सबब विक्रीच खोटी, आतां दावा लावून जमीन परत घ्यावी, असें आमच्या विद्यार्थ्याचें म्हणणें. दाव्याचा खर्च घरच्या सामायिक शिलकेंतून व्हावा हाही त्यांचा आग्रह. आणि ती शिल्लक तर घरांतील एका मुलीच्या वैद्यकीय शिक्षणासाठीं बाजूस काढलेली. वडील बंधू गप्प बसले होते. चुलते आमच्या तोंडाकडे पाहात होते.

आम्ही वकील नाहीं, हें आम्हीं प्रथमच सांगून टाकलें. परंतु या एका विषयाचें आमचें शिक्षण फार लहानपणीं आणि घरींच झालें. पुस्तकें मागाहून आलीं. म्हणून त्या सकाळीं जें बोललों तें, थोडें नीट जुळवून, वाचकांपुढें ठेवीत आहों. ज्या घरांत अजून सामायिक सातबारा आहे आणि ज्या घरांत सरकारी पाकिटें न फोडतां कोनाड्यांत ठेवण्याची चाल आहे, अशा घरांना याचा उपयोग होईल.

आमचे वडील तीन भावांतले मधले. थोरले काका कर्ते. धाकटे काका नोकरीनिमित्त पुण्यास. विहिरीसाठीं थोरल्या काकांनीं सरकारी तगाई काढली होती. विहीर खणली, बांधली, पाणीही लागलें. पण तें फाल्गुनापुढें पुरेना. दोन वर्षें पिकानें दगा दिला, हप्ते थकले. तगाईचें कर्ज हें सावकाराच्या कर्जासारखें नव्हे. इ. स. १८८३ च्या जमीन सुधारणा कर्जाच्या कायद्याप्रमाणें आणि इ. स. १८८४ च्या शेतकी कर्जाच्या कायद्याप्रमाणें तें जमीनमहसुलाच्या थकबाकीसारखेंच वसूल होतें. सावकारास आधीं कोर्टांत जाऊन हुकूमनामा मिळवावा लागतो. सरकारास त्याची गरज नाहीं; नोटीस, जप्ती, जाहीरनामा आणि लिलांव एवढ्या पायऱ्या चढल्या कीं जमीन गेली. थोरल्या काकांना नोटीस लागली होती. त्यांनीं ती देवघरांतील तसबिरीमागें खोंचून ठेवली. आपल्या गांवचा कोणी मनुष्य आपल्या जमिनीवर बोली बोलणार नाहीं, अशी त्यांची पक्की समजूत. आणि ती खरी ठरली. गांवचा कोणी बोलला नाहीं. शेजारच्या गांवच्या एका गृहस्थांनीं ४,२०० रुपयांस जमीन घेतली. थकबाकी होती १,१४० रुपयांची. हें इ. स. १९७० सालच्या मार्गशीर्षांतलें.

लिलांव तालुक्यास झाला. घरीं खबर आली ती नवव्या दिवशीं, तलाठ्यानें चावडींत सांगितलें तेव्हां. त्या रात्रीं ओसरीवर जें बोलणें झालें तें आम्हीं अंथरुणांत पडल्यापडल्या ऐकलें. तालुक्याच्या गांवीं एका जाणत्या मनुष्यानें वडिलांस सांगितलें होतें कीं तीस दिवसांच्या आंत पैसे भरले तर विक्री रद्द होते. हिशेब साडेतेराशें-चौदाशें रुपयांचा होता. आजीनें हातांतल्या पाटल्या काढून काकांपुढें ठेवल्या. थोरले काका म्हणाले, "आई, तुमच्या हातचें सोनें विकून मला सरकारचें देणें फेडायचें नाहीं. पुण्याहून पैसे येऊं द्या." पुण्याच्या काकांचें पत्र आलें कीं पगार झाल्यावर पांचशें पाठवितों, पण आधीं तिघांच्या नांवें हिस्से लिहून व्हावेत. मग हिश्शांवरून आणखी दोन पत्रें गेलीं-आलीं. शेवटीं पाटल्याच मोडल्या. वडील आम्हांला सायकलीच्या दांडीवर बसवून तालुक्यास घेऊन गेले तो दिवस खबर लागल्यापासून पंचविसावा होता. कचेरींतल्या कारकुनानें कागद पाहिले, भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर बोट ठेवून दिवस मोजले, आणि तो शांतपणें म्हणाला, "बापूसाहेब, आज चौतिसावा." वडिलांनीं खबरीपासून मोजलें होतें, कायदा लिलांवाच्या तारखेपासून मोजतो.

त्या माणसाचा कांहीं दोष नव्हता. त्यानें वडिलांस पाणी दिलें, बसावयास सांगितलें. येतांना वडील सायकलीवर बसले नाहींत. पांच कोस सायकल हातांत धरून चालले. आम्हीं एकदांही दांडीवर बसवा म्हटलें नाहीं, एवढें स्मरतें.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हिच्यांत अशा विक्रीविरुद्ध दोन दारें आहेत आणि दोन्हींवर तीस दिवसांचें कुलूप आहे. कलम २१० चें दार ऋणकोची बाजू खरी कीं खोटी हें विचारीतच नाहीं. ज्याची जमीन विकली गेली त्यानें, किंवा विक्रीपूर्वीं जिच्यांत ज्याचा हक्क उत्पन्न झाला होता अशा दुसऱ्या कोणीं, लिलांवाच्या तारखेपासून तीस दिवसांच्या आंत थकबाकी, विक्रीचा खर्च आणि खरेदीदारासाठीं किंमतीच्या शेंकडा पांच एवढी रक्कम कलेक्टरांकडे भरून अर्ज केला कीं विक्री रद्द. शेंकडा पांच कशाचे? ज्या मनुष्यानें पैसे गुंतविले आणि ज्याच्या हातचा घास गेला त्याच्या समाधानाचे. दुसरें दार कलम २०७ चें. जाहीरनामा लावण्यांत किंवा लिलांव चालविण्यांत महत्त्वाची अनियमितता, चूक अगर लबाडी झाली असेल तर तीस दिवसांतच अर्ज करावयाचा. आणि अनियमिततेमुळें अगर चुकीमुळें आपलें भरीव नुकसान झालें हें अर्जदारानें सिद्ध करावयाचें. जाहीरनाम्यांत गट क्रमांक चुकला होता एवढें दाखवून भागत नाहीं. त्या चुकीमुळें गिऱ्हाईक आलें नाहीं आणि जमीन मातीमोल गेली हें दाखवावें लागतें.

तीस दिवस गेल्यावर कलेक्टर विक्री कायम करतात. त्यानंतर दिवाणी कोर्टाचा रस्ता. पण तोही लांबलचक नाहीं. इ. स. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याच्या परिशिष्टांतील ९९ वें कलम म्हणतें कीं, कोर्टानें केलेली अगर सरकारी महसुलाच्या थकबाकीसाठीं झालेली विक्री रद्द करून मागण्याचा दावा विक्री कायम झाल्यापासून एका वर्षांत लावला पाहिजे. वर्ष टळलें कीं प्रतिवादीनें हरकत घेतली नाहीं तरी त्या कायद्याच्या ३ ऱ्या कलमाप्रमाणें कोर्टानें स्वतः होऊन दावा काढून टाकावयाचा. पुष्कळांची समजूत असते कीं सबळ कारण दाखविलें तर न्यायाधीश उशीर माफ करतात. माफ करतात खरे, पण अपिलांत आणि अर्जांत. दाव्याच्या बाबतींत ५ वें कलम लागूं पडत नाहीं. आजारीपण, यात्रा, घरांतील मृत्यु यांपैकीं कशानेंही दाव्याची मुदत एक दिवसही वाढत नाहीं.

वजावटी आहेत, त्या माहीत असाव्यात. सरकारवर दावा लावण्यापूर्वीं दिवाणी व्यवहार संहितेच्या ८० व्या कलमाप्रमाणें दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. ते दोन महिने मुदतींतून वजा होतात. चुकीच्या कोर्टांत शुद्ध बुद्धीनें आणि तत्परतेनें भांडण्यांत गेलेला काळ वजा होतो. शेवटचा दिवस कोर्टाच्या सुट्टीचा असेल तर पुढचा कामाचा दिवस चालतो. विरुद्ध बाजूनें लबाडी करून गोष्ट झांकून ठेवली असेल तर ती उघडकीस आल्यापासून, किंवा योग्य तत्परतेनें ती उघडकीस येऊं शकली असती तेव्हांपासून, काळ मोजतात. अज्ञान मुलास सज्ञान झाल्यावर तेवढीच मुदत पुन्हां मिळते. पण तीन वर्षांवर कधींच नाहीं. आणि येथें एकत्र कुटुंबांनीं थांबून एक गोष्ट ध्यानांत घ्यावी. याच कायद्याच्या ७ व्या कलमाप्रमाणें घरांतील व्यवहार पाहणारा कर्ता पुरुष सज्ञान असेल आणि सर्वांच्या वतीनें मोकळीक देण्याचा त्यास अधिकार असेल, तर मुदत अज्ञानांच्याविरुद्धही चालूं लागते. म्हणजे काकांनीं नोटीस तसबिरीमागें ठेवली तर पाळण्यांतल्या मुलाचें घड्याळही त्याच दिवशीं चालूं होतें. कर्तेपणाचा मान आपण सणासुदीस पुष्कळ पाहतों. त्याचा हा भार क्वचितच कोणी बोलून दाखवितो.

कायदा इतका निष्ठुर कां? तरुणपणीं आम्हीं याचें एकच उत्तर देत असूं, आणि तें सरकारास शिव्या देण्याचें होतें. पुढें विचार केला तेव्हां दुसरी बाजू दिसली. सरकारी लिलांवांत जमीन घेणाऱ्यास जर अशी भीति असेल कीं वीस वर्षांनींही कोणी नातू येऊन विक्री मोडील, तर शहाणा मनुष्य बोलीच बोलणार नाहीं. मग बोली बोलेल तो जुगारी, आणि तोही चतुर्थांश भावानें. यांत नुकसान कोणाचें? ज्याची जमीन विकली जाते त्याचेंच. विक्री पक्की असेल तरच किंमत येते. हें खरें असलें तरी मनांत एक कांटा राहतो. सरकारास आपल्या दाव्यासाठीं पूर्वीं साठ वर्षांची मुदत होती; इ. स. १९६३ च्या कायद्यानें ती तीस केली. रयतेस एक वर्ष आणि सरकारास तीस, हें गणित शाळेंत कोणत्या मास्तरानें बरोबर म्हणून दिलें असतें?

आपल्या धर्मशास्त्रकारांनींही हा प्रश्न सोडलेला नाहीं. याज्ञवल्क्य व्यवहाराध्यायांत सांगतो कीं, धन्याच्या डोळ्यांदेखत परका जमीन भोगीत असतां धनी वीस वर्षें बोलला नाहीं तर त्याची हानि होते. जंगम धनाला दहा वर्षें. लगेच तो अपवादही सांगतो: गहाण, सीमा, ठेव, तसेंच मंदबुद्धीचे, बालक, स्त्रिया, श्रोत्रिय आणि राजा यांचें धन. कल्याणींत बसून मिताक्षरा लिहिणाऱ्या विज्ञानेश्वरास ही हानि फार कठोर वाटली असावी. त्यानें अर्थ लावला कीं हानि होते ती मधल्या काळांतील उत्पन्नाची, भूमीची नव्हे. आम्हांला हा अर्थ शिकवितांना आमचे गुरुजी हंसून म्हणाले होते कीं, ज्याच्या स्वतःच्या घरचें शेत गेलेलें असतें तोच असा अर्थ लावतो. विनोद सोडा. पण जो जाणून गप्प बसला त्याच्यासाठींच स्मृतीनें मुदत ठेवली आहे. ज्याला कळलेंच नाहीं त्याच्यासाठीं नाहीं. आजच्या कायद्याचें तीस दिवसांचें माप लिलांवाच्या तारखेपासून चालतें, कळण्यापासून नव्हे.

बंगाल्यांत ही निष्ठुरता पराकोटीस गेली होती. इ. स. १७९३ च्या कायमधाऱ्याबरोबर असा नियम आला कीं ठरल्या दिवशीं सूर्यास्तापर्यंत सारा न भरला तर जमीनदारी लिलांवास निघावयाची. लोकांनीं त्यास सूर्यास्ताचा कायदाच म्हटलें. नाटोरच्या राजशाही संस्थानासारखीं मोठमोठीं घराणीं त्यांत विरघळलीं. इ. स. १८५९ च्या ११ व्या कायद्यानें विक्री मोडण्याची वाट आंखून दिली: आधीं कमिशनरकडे अपील, त्यांत तक्रारीचें नेमकें कारण नमूद, नंतर विक्री कायम झाल्यापासून एका वर्षांत दावा, आणि त्यांतही भरीव नुकसानीची सिद्धता. आपल्या मुंबई इलाख्यांत इ. स. १८७६ चा महसुली अधिकाराचा कायदा याहून पुढें गेला. साऱ्याच्या थकबाकीची विक्री अनियमितता, चूक किंवा दुसऱ्या कोणत्याही कारणानें मोडून मागण्यास दिवाणी कोर्ट बंदच केलें. उघडें ठेवलें तें एक लबाडीचें कारण.

आमच्या पाहुण्यांची तक्रार नोटिशीची होती, म्हणून त्यांना आम्हीं मल्कार्जुन विरुद्ध नरहरि हा इ. स. १९०० सालचा प्रिव्ही कौन्सिलचा निवाडा सांगितला. खटला याच मुंबई इलाख्यांतला. हुकूमनाम्यांतील ऋणको मरण पावला, तेव्हां बजावणीची नोटीस त्याचा वारस म्हणून एका भलत्याच मनुष्यास लागली. आपण वारस नाहीं असें तो सांगत होता. कोर्टानें ऐकलें नाहीं आणि मिळकत विकली गेली. खऱ्या वारसांनीं पुढें दावा केला, आणि मुंबईच्या हायकोर्टांत त्यांची सरशीही झाली. लंडनच्या न्यायाधीशांनीं तो निकाल फिरविला. त्यांच्या म्हणण्याचा मथितार्थ असा कीं, वारस कोण हें ठरविण्याचा अधिकार कोर्टास होता. तें चुकलें असेल, पण अधिकार असलेल्या कोर्टाचा चुकलेला निर्णयही रद्द होईपर्यंत निर्णयच असतो. विक्री रद्द करून घेतली पाहिजे होती, आणि त्याची मुदत एक वर्ष होती. तें वर्ष निघून गेलें होतें.

मग उशिरां जागा झालेला मनुष्य कधींच जिंकत नाहीं काय? जिंकतो, पण त्यास दाखवावें लागतें कीं विक्री सदोष होती एवढेंच नव्हे, ती मुळांत झालीच नाहीं. जें झालेंच नाहीं तें रद्द करण्याची मुदत कोठून येणार? इ. स. १९१४ सालीं रघुनाथदास विरुद्ध सुंदरदास या खटल्यांत त्याच प्रिव्ही कौन्सिलनें कायद्यानें आवश्यक असलेली नोटीसच न काढतां झालेली विक्री निरर्थक ठरविली. इ. स. १९५४ सालीं मणिलाल मोहनलाल शहा यांच्या खटल्यांत आपल्या सर्वोच्च न्यायालयानें सांगितलें कीं, कोर्टाच्या लिलांवांत खरेदीदारानें चतुर्थांश रक्कम तेव्हांच आणि उरलेली पंधरा दिवसांत भरली नाहीं तर ती विक्री कायद्याच्या दृष्टीनें विक्रीच नव्हे. सदोष आणि शून्य यांच्यामधली ही रेघ केंसासारखी बारीक आहे. मोठमोठे वकील तिच्यावर घसरतात. आम्हीं फार बोलूं नये हें बरें.

या शून्य विक्रीचें आमच्या माहितींतलें सर्वांत विलक्षण उदाहरण अमेरिकेंतलें आहे, आणि तें सांगितल्याशिवाय आमच्यानें राहवत नाहीं. वॉशिंग्टन शहरासमोर, पोटोमॅक नदीच्या पैलतीरीं, आर्लिंग्टन नांवाची सुमारें अकराशें एकरांची एक मिळकत होती. तिचे धनी कस्टिस हे इ. स. १८५७ सालीं वारले, तेव्हां त्यांनीं मृत्युपत्रानें ती आपली कन्या मेरी हिला तिच्या हयातीपुरती आणि तिच्यामागून तिच्या वडील मुलास दिली. मेरीचे यजमान म्हणजे रॉबर्ट ली. इ. स. १८६१ सालीं अमेरिकेंत यादवी पेटली आणि ली दक्षिणेच्या बाजूस मिळाले. घर उत्तरेच्या फौजेनें ताब्यांत घेतलें. पुढच्या वर्षीं बंडखोर प्रांतांतील जमिनींवर कर बसविण्याचा कायदा झाला. आर्लिंग्टनवर आकारणी झाली ती ९२ डॉलर ७ सेंटांची, वर दंड. मेरी ली त्या वेळीं शत्रूच्या हद्दींत, संधिवातानें अंथरुणास खिळलेल्या. त्यांनीं आपल्या एका चुलतभावास पैसे देऊन पाठविलें. कर वसुलीच्या कमिशनरांनीं पैसे घेतले नाहींत. मालकानें स्वतः येऊन भरले पाहिजेत असा त्यांचा नियम. ११ जानेवारी १८६४ रोजीं मिळकत लिलांवास निघाली, आणि सरकारनेंच ती २६,८०० डॉलरांस घेतली. त्याच वर्षीं मे महिन्यांत तेथें सैनिकांचें दफन सुरू झालें, जूनमध्यें तें राष्ट्रीय स्मशान म्हणून जाहीर झालें. घरालगतच्या गुलाबांच्या बागेजवळही थडगीं केलीं गेलीं, कीं पुन्हां त्या घरांत कोणी राहूं नये.

ली इ. स. १८७० सालीं वारले, मेरी इ. स. १८७३ सालीं. आतां हक्क वडील मुलाचा, कस्टिस ली यांचा. त्यांनीं प्रथम अमेरिकन काँग्रेसकडे अर्ज करून नुकसानभरपाई मागितली; कोणी दाद घेतली नाहीं. मग इ. स. १८७७ सालीं, म्हणजे लिलांवास तेरा वर्षें झाल्यावर, त्यांनीं जमिनीचा ताबा मागणारा दावा लावला. येथें आमचे विद्यार्थी उत्साहानें पुढें सरकले, म्हणून आम्हीं त्यांना दोन गोष्टी लक्षांत घ्यावयास सांगितल्या. एक, आई जिवंत असेपर्यंत मुलास ताबा मागतांच येत नव्हता. ती गेल्यावरच तो अधिकार त्याच्याकडे आला. दोन, त्यांनीं अनियमिततेची तक्रार केली नाहीं. कर द्यावयास आम्ही तयार होतों, तो घेण्याचें तुम्हीं नाकारलें, मग थकबाकी कसली आणि विक्री कसली, एवढाच त्यांचा मुद्दा.

सरकारी पक्षाचा भर दुसऱ्याच गोष्टीवर होता: सार्वभौम सरकारवर त्याच्या संमतीवांचून दावा चालत नाहीं. ज्यूरीनें इ. स. १८७९ सालीं लींच्या बाजूनें कौल दिला. ४ डिसेंबर १८८२ रोजीं अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानें पांच विरुद्ध चार अशा मतांनीं तोच कायम केला. न्यायमूर्ति मिलर यांनीं निकाल लिहिला. कमिशनरांनीं मालकाखेरीज कोणाचेही पैसे न घेण्याचा नियम केला, म्हणून विक्री गेली. आणि कायदेशीर हक्कावांचून, मोबदला न देतां सरकारी अधिकारी एखाद्याच्या जमिनीवर बसून असतील तर त्यांच्यावर दावा चालतो, कारण मोठ्यांतला मोठा अधिकारीही कायद्याखालींच असतो. ज्या सेनापतीच्या फौजेनें त्या सरकारशीं चार वर्षें युद्ध केलें, त्याच्याच मुलास त्याच सरकारच्या न्यायालयानें अठरा वर्षांपूर्वींची विक्री मोडून दिली. आम्हांला हा प्रसंग वाचतांना दरवेळीं आश्चर्य वाटतें.

परंतु जमीन परत मिळाली काय? नाहीं. तोंपर्यंत तेथें हजारों सैनिक चिरनिद्रा घेत होते. त्यांना उकरून काढा असें कोणता भला मनुष्य म्हणेल? काँग्रेसनें १,५०,००० डॉलर मंजूर केले आणि इ. स. १८८३ च्या मार्चअखेर कस्टिस लींनीं खरेदीखत करून दिलें. सरकारतर्फे तें स्वीकारणारे युद्धमंत्री होते रॉबर्ट लिंकन, अब्राहाम लिंकन यांचे चिरंजीव. ९२ डॉलरांच्या करासाठीं सुरू झालेलें प्रकरण दोन शत्रूंच्या मुलांनीं टेबलाच्या दोन बाजूंस बसून मिटविलें.

आमचे थोरले चुलतबंधू इ. स. १९८६ सालीं असेंच पेटले होते. काकांचे ते चिरंजीव. वडिलांची चूक आपण धुऊन काढूं अशी त्यांची जिद्द. तालुक्याच्या एका वृद्ध वकिलांनीं कागद पाहून एकच प्रश्न केला: "त्या तीस दिवसांत तुमच्या घरांतून कोणी पैसे घेऊन गेला होता काय, आणि त्याला परत पाठविलें काय?" चौतिसाव्या दिवशीं, असें बंधूंनीं सांगितलें. वकिलांनीं कागद परत दिले. फी घेतली नाहीं. उच्च न्यायालयाच्या रिट अर्जाची गोष्टही तेव्हां निघाली. त्याला वर्षांची ठराविक मुदत नाहीं हें खरें, परंतु सोळा वर्षांच्या झोंपेचें कारण तेथेंही विचारलें जातें, आणि आमच्याजवळ तें नव्हतें.

एक गोष्ट अलीकडची आहे ती येथें सांगणें अवश्य आहे. लिलांवांत गिऱ्हाईक न मिळाल्यामुळें ज्या जमिनी नाममात्र बोलीनें सरकारकडेच राहिल्या, त्यांना आपल्याकडे आकारी पड म्हणतात. संहितेच्या २२० व्या कलमांत दुरुस्ती करून अशा जमिनी बाजारभावाच्या कांहीं हिश्शाएवढी रक्कम घेऊन मूळ खातेदारांस अगर त्यांच्या वारसांस परत द्याव्या, असा निर्णय महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळानें इ. स. २०२५ च्या जानेवारींत केला. ज्यांच्या घरीं असा कागद असेल त्यांनीं उताऱ्यावर आज कोणाचें नांव आहे हें आधीं पाहावें. सरकारचें असेल तर तहसील कचेरींत चौकशी करावी. तिऱ्हाइताचें असेल तर हा निर्णय त्यांच्यासाठीं नाहीं.

पाहुण्यांच्या उताऱ्यावर तिऱ्हाइताचेंच नांव होतें. तेंही तिसऱ्या पिढीचें. आम्हीं त्यांचे कागद पुन्हां एकदां वाचले. इ. स. १९३४ ची विक्री, म्हणजे १८७६ चा कायदा. लबाडीवांचून दिवाणी कोर्ट बंद. लबाडीचा एक शब्दही दप्तरांत नाहीं. नोटीस चुकीच्या भावास लागली, तर ती मल्कार्जुनाचीच गोष्ट. आमच्या विद्यार्थ्यांनीं आजोबांच्या अज्ञान मुलाचा, म्हणजे आपल्या वडिलांचा, मुद्दा काढला. विक्रीच्या वेळीं ते सहा वर्षांचे. अठरा पुरीं झालीं इ. स. १९४६ सालीं, सवलत गृहीत धरली तरी एक वर्ष. देश स्वतंत्र झाला त्याच वर्षीं त्यांची मुदत संपली. शेवटची आशा म्हणून आम्हीं खरेदीदाराच्या पैशांकडे पाहिलें. कलेक्टर कचेरीच्या हुकुमांत मोडींत स्वच्छ लिहिलेलें होतें कीं चतुर्थांश रक्कम लिलांवाच्या दिवशींच आणि बाकी अकराव्या दिवशीं जमा झाली. तें वाचून दाखवितांना आमचाच आवाज थोडा बसला.

बराच वेळ कोणी बोललें नाहीं. मग चुलत्यांनीं विचारलें, "मास्तर, म्हणजे आमच्या वडिलांनीं कांहींच केलें नाहीं?" आम्हीं दप्तराच्या तळचा एक चिटोरा त्यांच्या हातीं दिला. तो त्यांच्या वडिलांनीं कलेक्टरास लिहिलेल्या अर्जाचा कच्चा खर्डा होता. आंत हप्ते पाडून द्यावेत अशी विनंती होती, विहीर आटल्याचें वर्णन होतें, आणि खालीं तारीख लिलांवानंतरच्या एकेचाळिसाव्या दिवसाची होती. चुलत्यांना मोडी येत नव्हती. त्यांनीं आम्हांकडून तो दोनदां वाचून घेतला आणि आपल्या खिशांत ठेवला.

भाद्रपदांत वडील बंधूंचें पत्र आलें. मुलीचा प्रवेश झाला, पहिल्या वर्षाची रक्कम भरली. धाकट्यांनीं दाव्याचा विषय पुन्हां काढला नाहीं, पण दप्तर घरीं नको म्हणून तें आमच्याकडेच ठेवावें, आणि सवडीनें सगळे कागद बाळबोध अक्षरांत उतरवून द्यावेत, असें त्यांनीं लिहिलें होतें. निम्मे कागद उतरवून झाले आहेत.